मसुद्याचा माणूस : बाळासाहेब खेर

मुंबई हायकोर्टाच्या ओरिजिनल साइडवर, म्हणजे जिथे दावे थेट हायकोर्टातच दाखल होतात त्या बाजूला, एके काळी वकिलीचे दोन वेगळे धंदे होते. न्यायाधीशांसमोर उभा राहून बोलणारा तो कौन्सेल. बॅरिस्टर किंवा अॅडव्होकेट. त्याला कागद पुरवणारा तो सॉलिसिटर. पक्षकार आधी सॉलिसिटरच्या कचेरीची पायरी चढायचा. त्याची कर्मकहाणी ऐकून घेणं, दस्तऐवज तपासणं, शपथपत्र तयार करणं, कायद्याचा मुद्दा नेमका कुठे आहे ते शोधणं आणि सगळं ब्रीफमध्ये, म्हणजे खटल्याच्या तयार कागदांत, बांधून कौन्सेलच्या हाती देणं ही सॉलिसिटरची कामं. निकाल लागला की वर्तमानपत्रात नाव यायचं ते कौन्सेलचं. १९७६ साली कायदा बदलला आणि ही दुहेरी पद्धत गेली, पण त्या आधीच्या शंभर वर्षांत मुंबईच्या राजकारणात गेलेले बहुतेक नामांकित वकील हे बोलणाऱ्या बाजूचे होते. जिना, भुलाभाई देसाई, मुकुंदराव जयकर, कन्हैयालाल मुनशी, बाबासाहेब आंबेडकर. मुंबई प्रांताचा पहिला काँग्रेसी पंतप्रधान (प्रांताच्या मुख्यमंत्र्याला तेव्हा पंतप्रधान म्हणत) मात्र निघाला दुसऱ्या बाजूचा, ब्रीफ लिहिणारा.

बाळ गंगाधर खेर. लोक त्यांना बाळासाहेब म्हणत. आज हे नाव मुंबईत पत्त्यापुरतं उरलं आहे: वांद्रे पूर्वेची खेरवाडी, मलबार हिलवरचा बी. जी. खेर मार्ग. महाराष्ट्राच्या मुख्यमंत्र्यांची यादी यशवंतरावांपासून सुरू होते, फार तर कुणी मोरारजींपर्यंत मागे जातो. त्याही आधी दोन वेळा मिळून आठ वर्षांहून जास्त काळ हा प्रांत ज्यांनी चालवला, त्यांच्याबद्दल बोलणारं मला कुणी फारसं भेटलं नाही. मला मात्र खेरांविषयी अनेक वर्षं कुतूहल आहे, आणि त्याला घरचं एक कारण आहे. ते पुढे येईलच.

खेरांचा जन्म २४ ऑगस्ट १८८८ चा, रत्नागिरीचा. शाळा पुण्याच्या न्यू इंग्लिश स्कूलमध्ये, कॉलेज मुंबईचं विल्सन. १९०८ मध्ये बी. ए. झाले आणि संस्कृतसाठी भाऊ दाजी पारितोषिक मिळवलं. मग कायदा. हायकोर्टात न्यायमूर्ती फ्रँक बीमन यांच्याकडे त्यांनी काम केलं. बीमन यांची दृष्टी फार अधू होती, त्यामुळे त्यांच्याजवळच्या माणसाला कागद नीट वाचून दाखवावे लागत. एका तरुण वकिलाला याहून चांगली शिकवणी कुठली मिळणार? समोरच्याला दिसत नसलेला कागद आवाजातून उभा करायचा, काही गाळायचं नाही आणि पदरचं काही घालायचं नाही. १९१८ मध्ये त्यांनी ‘मणिलाल खेर’ ही सॉलिसिटर फर्म काढली. आज एक शतक उलटलं तरी त्या फर्मच्या नावात ‘खेर’ टिकून आहे.

चांगलं चाललेलं बस्तान सोडून ते राजकारणात आले. १९२३ मध्ये स्वराज्य पक्षाच्या मुंबई शाखेचे चिटणीस झाले. १९३० च्या सविनय कायदेभंगात तुरुंगात गेले, १९३२ मध्ये पुन्हा गेले. इथवरची गोष्ट त्या पिढीतल्या शेकडो वकिलांसारखीच आहे. वेगळेपण सुरू होतं ते १९३७ मध्ये.

१९३५ च्या कायद्यानं प्रांतांना स्वायत्तता मिळाली आणि १९३७ च्या निवडणुकीत मुंबई विधानसभेच्या १७५ पैकी ८६ जागा काँग्रेसनं जिंकल्या. नेता कोण, याचं उत्तर अनेकांच्या मनात ठरलेलं होतं: के. एफ. नरिमन. मुंबई काँग्रेसचे अध्यक्ष, बॅकबेच्या समुद्रभरणीतला गैरकारभार उघडा पाडणारे, शहराचे लाडके. निवड झाली खेरांची. यामागे वल्लभभाई पटेल आहेत असा नरिमन यांनी जाहीर आरोप केला, प्रकरण चिघळलं आणि शेवटी गांधीजी व वकील बहादुरजी यांच्यापुढे चौकशी झाली. निष्कर्ष नरिमन यांच्या विरोधात गेला आणि त्यांची राजकीय कारकीर्द तिथेच मोडली. हे सारं वाचताना मला नरिमन यांच्याबद्दल वाईट वाटल्याशिवाय राहत नाही. लोकांमध्ये उभा राहून लढलेला माणूस बाजूला पडला आणि ज्याच्याशी कुणाचं भांडण नव्हतं असा माणूस वर आला. खेरांनी पदासाठी धडपड केली असं कुठे दिसत नाही. पण त्यांचं कुणाशी वाकडं नसणं, हेच तेव्हाच्या पक्षश्रेष्ठींना सोयीचं होतं, हे मान्य करायला हवं.

काँग्रेसनं सत्ता घ्यायला काही महिने लावले. गव्हर्नर रोजच्या कारभारात ढवळाढवळ करणार नाहीत, एवढी हमी हवी होती. मधल्या काळात धनजीशा कूपर यांचं तात्पुरतं मंत्रिमंडळ होतं. १९ जुलै १९३७ ला खेरांनी सूत्रं घेतली. मंत्र्यांचा पगार महिना ५०० रुपये. मुनशींकडे गृहखातं, मोरारजींकडे महसूल, अण्णासाहेब लठ्ठे अर्थमंत्री, हृदयरोगतज्ज्ञ डॉ. गिल्डर आरोग्य आणि अबकारी पाहणारे. खेरांनी शिक्षणखातं स्वतःकडे ठेवलं. हे मंत्रिमंडळ म्हणजे खेरांनी बांधलेलं ब्रीफच होतं असं मला वाटतं. सभागृहात मुनशी बोलत, मोरारजी बोलत आणि त्यांची नावं होत. खेर मसुदे वाचत, लोकांचं ऐकत, माणसं एकत्र ठेवत.

आता घरचं कारण सांगतो. माझे आजोबा रत्नागिरी जिल्ह्यातल्या एका खेड्यात खोताचे कूळ होते. खोत म्हणजे सरकार आणि शेतकरी यांच्या मधला माणूस. गावचा ठरलेला सारा त्यानं सरकारात भरायचा आणि कुळांकडून वसुली करायची. वसुली किती, हे जमिनीवर आणि कुळाच्या हक्कावर ठरे. कुठे अर्धेल म्हणजे पिकाचा अर्धा वाटा, कुठे तिर्धेल म्हणजे तिसरा. भात झोडलं की खळ्यावरच रास मोजली जायची आणि खोताचा वाटा आधी बाजूला निघायचा. त्याशिवाय वेठ होती. खोताच्या घरचं छप्पर शाकारायचं, त्याच्या शेतात आधी लावणी करायची आणि आपलं शेत मागाहून. आजोबा हे सांगताना कधी आवाज चढवत नसत, पण आजी त्या वेळी तिथून उठून जायची. लग्न होऊन आली त्या पहिल्या पावसात तिला परक्याच्या शेतात लावणीला जावं लागलं होतं आणि घरची भाताची रोपं दाढीतच, म्हणजे पेरलेल्या वाफ्यातच, पिवळी पडली होती. हे तिनं मला एकदाच सांगितलं.

१७ सप्टेंबर १९३७ ला पुण्यात भरलेल्या विधानसभेच्या अधिवेशनात डॉ. आंबेडकरांनी खोती नष्ट करणारं विधेयक मांडलं. खोतांना भरपाई द्यावी, कुळांचा सरकारशी थेट संबंध जोडावा, रयतवारी आणावी, अशी त्याची मांडणी होती. विधेयकात अविचाराचं काही नव्हतं. एका बॅरिस्टरनं नीट विचार करून लिहिलेला तो मसुदा होता. समोर सरकारच्या बाकावर पंतप्रधान म्हणून बसले होते खुद्द रत्नागिरीत जन्मलेले सॉलिसिटर खेर. आंबेडकरांचं मूळ गाव आंबडवे, तेही त्याच जिल्ह्यातलं. एकाच जिल्ह्याशी नाळ जुळलेले दोन कायदेपंडित, एक मागणारा आणि एक देऊ शकणारा, आणि मधे लाखो कुळं.

१० जानेवारी १९३८ ला कोकणातून आणि इतर भागांतून आलेल्या हजारो शेतकऱ्यांनी मुंबईत मोर्चा काढला. आंबेडकरांच्या स्वतंत्र मजूर पक्षाचा तो मोर्चा, शामराव परुळेकर पुढे होते, कम्युनिस्टही सामील झाले होते. आमच्या गावचे काही जण बोटीनं गेले होते असं आजोबा सांगत. स्वतः ते गेले नाहीत, जाण्याइतके पैसे नव्हते. शेतकऱ्यांच्या शिष्टमंडळाला खेर भेटले. त्यांचं ऐकून घेतलं. ते ऐकून घेण्यात वाकबगार होतेच. पण विधेयक पुढे गेलं नाही. काँग्रेसमध्ये खोत होते, खोतांचे नातेवाईक होते, खोतांचे वकील होते. ऑक्टोबर-नोव्हेंबर १९३९ मध्ये, भारताला न विचारता महायुद्धात ओढल्याच्या निषेधार्थ, काँग्रेसच्या सगळ्या प्रांतिक मंत्रिमंडळांनी राजीनामे दिले आणि खोती होती तिथेच राहिली.

इथे मला खेरांचा राग येतो, आजही. मसुदा हातात होता, बहुमत हातात होतं, दारात माणसं उभी होती. सौम्य माणसाच्या सौम्यपणाची किंमत कधी कधी दुसऱ्याच कुणाला तरी मोजावी लागते. आमच्या घरानं ती बारा वर्षं मोजली. १९४९ मध्ये मुंबई खोती निर्मूलन कायदा झाला तेव्हा पंतप्रधान खेरच होते.

पण एवढंच सांगून थांबलो तर तो खेरांवर अन्याय होईल. त्या पहिल्या सव्वादोन वर्षांत त्यांच्या सरकारनं शेतकऱ्यांसाठी काहीच केलं नाही असं नाही. सविनय कायदेभंगात जप्त होऊन विकल्या गेलेल्या जमिनी मूळ मालकांना परत मिळवून दिल्या. कर्जबाजारी शेतकऱ्यांसाठी कायदे केले. अलिबागजवळ चरी आणि आसपासच्या गावांत १९३३ पासून नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली शेतकऱ्यांचा संप चालू होता. खोतांची जमीन कसायचीच नाही असा निर्धार करून माणसं रानातल्या लाकडांच्या मोळ्या विकून जगत होती. सहा वर्षं. जगात इतका लांबलेला शेतकऱ्यांचा संप क्वचितच झाला असेल. महसूलमंत्री मोरारजी तिथे गेले, बोलणी झाली आणि १९३९ मध्ये तिढा सुटला. त्याच वर्षी मुंबई कूळ कायदा आला आणि ‘संरक्षित कूळ’ ही गोष्ट पहिल्यांदा कागदावर उमटली. सुरुवातीला तो मोजक्या जिल्ह्यांतच लागू झाला, सगळ्या प्रांताला १९४६ मध्ये. थेंब थेंब असं हे येत गेलं.

कामगारांशी मात्र या सरकारचं जमलं नाही. १९३८ च्या औद्योगिक तंटा कायद्यानं संपाआधी तडजोडीची लांबलचक प्रक्रिया सक्तीची केली आणि बेकायदा संपाला सहा महिन्यांपर्यंत कैद ठेवली. संप म्हणजे स्वातंत्र्याच्या हक्काचंच दुसरं नाव आहे, असं आंबेडकरांनी सभागृहात ठणकावलं. ७ नोव्हेंबर १९३८ ला मुंबईत मोठा संप झाला, गिरणगाव बंद राहिला आणि पोलिसांनी गोळीबार केला. सॉलिसिटरच्या मनाला तडजोडीची प्रक्रिया हा न्यायाचा मार्ग वाटला असणार, भांडण कोर्टाबाहेर मिटवणं यातच त्याची धन्यता असते. पण ज्याच्याजवळ काम थांबवण्यापलीकडे दुसरं हत्यार नाही, त्याच्या हातून तेवढंही काढून घेतल्यावर तडजोडीला बसणारे दोघे सारखे कसे राहणार?

दारूबंदीबद्दल थोडक्यात. १ ऑगस्ट १९३९ ला मुंबई शहरात ती आली. बुडणाऱ्या महसुलासाठी शहरी मालमत्तेवर १० टक्के कर बसला. पुढे १९४९ चा कडक कायदा झाला आणि त्यातली काही कलमं १९५१ मध्ये सर्वोच्च न्यायालयात टिकली नाहीत. यावर पुष्कळ लिहून झालंय, मला त्यात फारसा रस नाही.

खेरांचं मन रमलं ते दोन ठिकाणी असं मला दिसतं, शिक्षण आणि आदिवासी. गांधीजींची वर्धा योजना पुढे आली तेव्हा केंद्रीय शिक्षण सल्लागार मंडळानं तिच्या विचारासाठी नेमलेल्या समित्यांचं अध्यक्षपद खेरांकडे होतं. हातानं काम करत शिकायचं ही कल्पना त्यांना मनापासून पटलेली होती. पुढे शाळांत इंग्रजी आठवीपासून शिकवण्याचा निर्णय त्यांच्याच काळात झाला. त्यावर शहरातल्या पालकांनी बोटं मोडली. आमच्या गावातल्या शाळेत मात्र त्यामुळे फरक पडला नाही, कारण तिथे सातवीच्या पुढे शाळाच नव्हती.

आदिवासींची गोष्ट अधिक गुंतागुंतीची आहे. १९३७ मध्ये त्यांच्या सरकारनं सिमिंग्टन नावाच्या सनदी अधिकाऱ्याला आदिवासी भागांची पाहणी करायला सांगितलं. त्या अहवालात ठाणे जिल्ह्याचं भीषण चित्र आहे. वारली तरुणानं लग्नासाठी सावकाराकडून काही रुपये घ्यायचे आणि त्यापायी वर्षानुवर्षं, नव्या नवरीसह, त्याच्या वाड्यावर राबायचं. अशा माणसाला ‘लग्नगडी’ म्हणत. खेरांनी १९४० मध्ये, सत्ता गेलेली असताना, आदिवासी सेवा मंडळाचं काम उभं केलं, आचार्य भिसे यांच्यासारखी माणसं त्यात होती. आश्रम, शाळा, वसतिगृहं. सत्ता परत आल्यावर, १९४७ पासून, जंगल कामगार सहकारी संस्था सुरू झाल्या. जंगलतोडीचा ठेका ठेकेदाराऐवजी आदिवासींच्या सोसायटीला द्यायचा, ही कल्पना तेव्हाच्या देशात नवी होती आणि ती खेरांच्या आग्रहानं आली.

आणि तरीही, त्याच डहाणू-तलासरीच्या पट्ट्यात वारल्यांना वेठीविरुद्ध उभं करणाऱ्या शामराव आणि गोदावरी परुळेकरांना जिल्ह्यातून हद्दपार केलं तेही खेरांच्याच सरकारनं. १९३८ मध्ये मुंबईच्या मोर्चात पुढे असलेले तेच शामराव. खेरांना आदिवासींविषयी कळवळा होता यात मला शंका नाही, तो त्यांच्या कामात दिसतो. पण आदिवासी स्वतः मागायला उठला की काय करायचं, हे त्यांच्या ब्रीफमध्ये नव्हतं. शांतपणे देणं त्यांना जमत होतं. समोरून आलेली मागणी त्यांना कायदा-सुव्यवस्थेचा प्रश्न वाटायची आणि ती मोरारजींच्या, म्हणजे आता गृहखात्याकडे जायची.

मधल्या काळात खेर १९४२ च्या ऑगस्टमध्ये पकडले गेले आणि १९४४ मध्ये सुटले. १९४६ मध्ये पुन्हा पंतप्रधान, आणि राज्यघटना लागू झाल्यावर मुख्यमंत्री. या दुसऱ्या पर्वातलं त्यांचं मंत्रिमंडळ पाहिलं की पुढच्या महाराष्ट्राची आणि देशाचीही माणसं तिथे दिसतात. मोरारजी, गुलजारीलाल नंदा, वैकुंठभाई मेहता, आणि गृहखात्याचे संसदीय चिटणीस म्हणून यशवंतराव चव्हाण.

३० जून १९४७ ला दिल्लीहून राजेंद्रप्रसादांचं एक पत्र खेरांना आलं. आंबेडकर संविधान सभेवर बंगालमधून निवडून गेले होते आणि फाळणीमुळे ती जागा गेली होती. त्यांचं सभेतलं आणि समित्यांतलं काम इतकं मोलाचं आहे की त्यांना मुकून चालणार नाही, तेव्हा जयकरांच्या राजीनाम्यानं मुंबईची जी जागा रिकामी झाली आहे तिथून त्यांना ताबडतोब निवडून पाठवा, असा पत्राचा आशय. खेरांनी ते काम पार पाडलं. दहा वर्षांपूर्वी ज्यांचं विधेयक आपल्या सरकारनं पुढे जाऊ दिलं नाही, ज्यांच्या पक्षाशी निवडणुका लढलो, त्यांना आपल्या आमदारांच्या मतांनी निवडून पाठवायचं. मनात काय होतं ते खेर कुठे बोलून दाखवत नाहीत. त्यांच्या बाकी वागण्यावरून मला वाटतं, त्यांना त्यात जड काही गेलं नसावं. ब्रीफ सर्वांत चांगल्या कौन्सेलकडेच गेलं पाहिजे हे सॉलिसिटरला शिकवावं लागत नाही.

त्या पत्रातले जयकर पुढे पुण्यात भेटतात. १० फेब्रुवारी १९४९ ला पुणे विद्यापीठ स्थापन झालं. गणेशखिंडीतलं गव्हर्नरांचं पावसाळी निवासस्थान आणि भोवतालची चारशेहून जास्त एकर जमीन विद्यापीठाला मिळाली ती खेरांच्या पुढाकारानं, आणि पहिले कुलगुरू झाले बॅरिस्टर जयकर. आज तिथल्या ग्रंथालयाला त्यांचं नाव आहे. ज्या बंगल्यात गोऱ्या साहेबांच्या मेजवान्या व्हायच्या तो गावखेड्यातल्या पोरांना शिकायला देऊन टाकणं, हा निर्णय मला त्यांच्या कारकिर्दीतला सर्वांत सुंदर निर्णय वाटतो. त्या आवारात मी पहिल्यांदा गेलो तेव्हा वडाच्या झाडांकडे बघतच राहिलो होतो. हे आपल्यासाठी आहे यावर विश्वास बसत नव्हता.

या पर्वात कायद्यांचा नुसता पाऊस पडला. आपण अजून त्यांतल्या कितीतरी कायद्यांच्या छपराखाली राहतो आणि आपल्याला पत्ता नसतो. हिंदू पुरुषाला दुसरी बायको करायला बंदी मुंबई प्रांतात १९४६ मध्ये आली, घटस्फोटाचा हक्क १९४७ मध्ये. सगळ्या देशाला त्यासाठी १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याची वाट पाहावी लागली. द्विभार्याबंदीला आव्हान देणारा नरसू अप्पा माळी खटला हायकोर्टात सरकारनं जिंकला आणि व्यक्तिगत कायद्यांच्या प्रश्नावर तो निकाल वकील आजही काढून दाखवतात. जन्मानंच गुन्हेगार ठरवणारा गुन्हेगार जमाती कायदा मुंबईनं १९४९ मध्ये मोडीत काढला, देशानं १९५२ मध्ये. फासेपारधी, कैकाडी, भामटा म्हणून ज्यांना पोलीस पाटलाकडे हजेरी लावावी लागायची त्या माणसांच्या आयुष्यात ही तीन वर्षं लहान नव्हती. गावच्या देवळाचा हिशेब धर्मादाय आयुक्ताकडे जातो तो १९५० च्या कायद्यामुळे. मुंबईत पागडीच्या खोलीत राहणाऱ्याचं भाडं सप्टेंबर १९४० च्या पातळीला बांधलं गेलं ते १९४७ च्या भाडे नियंत्रण कायद्यानं. युद्धानंतरच्या टंचाईत त्या कायद्यानं हजारो गिरणी कामगारांना रस्त्यावर येण्यापासून वाचवलं. तात्पुरता म्हणून आणलेला तो कायदा मुदतवाढी घेत अर्धं शतक राहिला आणि चाळी पडायला आल्या, पण हा दोष मागाहून आलेल्यांचा, खेरांचा नाही.

एक प्रसंग मात्र माझ्या मनातून जात नाही. २० जानेवारी १९४८ ला दिल्लीत गांधीजींच्या प्रार्थनासभेत स्फोट झाला आणि मदनलाल पाहवा पकडला गेला. मुंबईच्या रुईया कॉलेजातले प्राध्यापक जगदीशचंद्र जैन मदनलालला ओळखत होते, त्यानं त्यांच्याजवळ कटाची भाषा केली होती. दुसऱ्या दिवशी ते खेरांना भेटले. खेरांनी त्यांना गृहमंत्री मोरारजींसमोर नेलं. मोरारजींनी पोलिसांना सांगितलं, त्याच्या दुसऱ्या दिवशी सरदार पटेलांनाही सांगितलं. प्रत्येकानं आपापल्या खात्याचं काम केलं. ३० जानेवारीला गांधीजी गेले. पुढे १९६० च्या दशकात कपूर आयोगानं हा सगळा घटनाक्रम तपासला, तेव्हा खेर हयात नव्हते. त्यांना दोष देण्याची माझी हिंमत नाही. कुठल्याही नियमात त्यांनी चूक केली नाही. पण गांधीजींवर इतकी श्रद्धा असलेल्या या माणसाला त्या नऊ दिवसांबद्दल काय वाटत राहिलं असेल, हा विचार मला फार अस्वस्थ करतो.

१९५२ च्या निवडणुकीनंतर मोरारजी मुख्यमंत्री झाले आणि खेर लंडनला भारताचे उच्चायुक्त म्हणून गेले. १९५४ मध्ये, पहिल्याच यादीत, पद्मविभूषण मिळालं. १९५५ मध्ये राजभाषा आयोगाचे अध्यक्ष झाले. इंग्रजी जाऊन हिंदी कधी आणि कशी यावी, हा देशातला त्या वेळचा सर्वांत पेटता प्रश्न. २१ जणांच्या आयोगाचा अहवाल १९५६ मध्ये आला, सुनीतिकुमार चटर्जी आणि सुब्बरायन यांनी भिन्नमतपत्रिका जोडल्या. त्या छापल्या गेल्या. विरोधी मत अहवालातच दिसावं ही मला त्या आयोगातली चांगली गोष्ट वाटते. ८ मार्च १९५७ ला खेर गेले.

त्यांच्या सरकारनं १९४८ मध्ये केलेल्या कूळ कायद्यात मोरारजींच्या काळात दुरुस्ती झाली आणि १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरला. त्या दिवशी कसणारा कूळ कायद्यानं जमिनीचा मालक मानला जाऊ लागला. खेर त्या आधी तीन आठवडे गेले होते. आमच्या आजोबांचं ‘३२ ग’ चं, म्हणजे त्या कायद्याच्या कलमाखालचं जमीन खरेदीचं काम मात्र त्या दिवशी झालं नाही. तहसील कचेरीत तारखा पडत राहिल्या, खरेदीची किंमत ठरली, हप्ते भरले गेले, आणि बऱ्याच वर्षांनी ‘३२ म’ चा दाखला हाती आला. सातबाऱ्यावर इतर हक्कांत असलेलं नाव कब्जेदारात गेलं.

ही जमीन कुणामुळे मिळाली, यावर आमच्या घरात वाद चालायचा. आजोबा आंबेडकरांचं नाव घेत. काका म्हणत मोरारजींचा कायदा. शेजारचे अलिबागकडून आलेले एक गृहस्थ नारायण नागूंखेरीज कुणाचं नाव ऐकून घ्यायला तयार नसत. खेरांचं नाव कधीच निघालं नाही. मला विचाराल तर पहिलं नाव आंबेडकरांचं आणि दुसरं चरीच्या माणसांचं, कारण त्यांनी मागितलं नसतं तर कुणी दिलं नसतं. त्यानंतर मी खेरांचं नाव घेतो. त्यांनी उशीर केला, आणि १९४९ चा खोती निर्मूलनाचा कायदाही त्यांच्याच सरकारनं केला. या दोन्ही गोष्टी मी माझ्या मुलीला सांगितल्या आहेत. ती आता एलएल. बी. च्या दुसऱ्या वर्षाला आहे आणि पुढच्या सुट्टीत विधानसभेच्या १९३७-३८ च्या छापील कामकाजातली ती भाषणं वाचायला आम्ही दोघं जाणार आहोत.